फिट्टंफाट

दोन्ही घरांची लग्नं शिवगोंडा पाटलांनी एकाच मांडवात लावली होती. त्यामुळे त्या घरांनी एकमेकांवर घातलेल्या केसेस मिटवायचा मानही आपलाच, असं त्यांनी स्वतःच ठरवून टाकलं. आषाढातल्या एका सकाळी ते छत्री झटकत विरूपाक्षाच्या सोप्यात आले, पाय पुसल्यासारखे केले आणि अंथरलेल्या पोत्यावर बसले. बाहेर पाऊस वैर धरल्यासारखा पडत होता.

सोप्यात पैंजणांचं काम चाललं होतं. हुपरी तिथून जवळच. तिथल्या व्यापाऱ्याकडून चांदी आणायची, पैंजणांना घुंगरं जोडायची, उजळून परत पोचवायची, हा त्या घराचा पिढीजात धंदा. जोडीला दोन म्हशी. विरूपाक्षाचे डोळे ज्योतीपुढं बसून बसून गेले होते, म्हणून तो आता म्हशींचंच बघायचा. डाख लावायला, म्हणजे जाळावर चांदीचे सांधे जोडायला, त्याची थोरली लेक निर्मला बसायची. तोंडात फुंकणी धरायची, दिव्याच्या ज्योतीला बारीक आणि सारखा वारा द्यायचा आणि ज्योतीची जीभ नेमकी सांध्यावर न्यायची. फुंकर जरा जोरात गेली की निर्मलाच्या उजव्या कानातून वारा सुटायचा, कळ मस्तकात जायची आणि ती डोळे मिटून थांबायची. त्या कानाचा पडदा फाटला होता. घरातली माणसं तिच्याशी बोलायची ती डाव्या बाजूला येऊन.

खरं तर ही जागा तिच्या भावजयीची, सुष्मिताची. सुष्मिताचा हात इतका हलका होता की व्यापारी तिचे पैंजण न बघता पिशवीत टाकायचा. ती माहेरी गेल्याला वर्ष होत आलं होतं आणि निर्मलाच्या हातचे निम्मे सांधे परत येत होते.

साटंलोटं होतं ते. निर्मलाला शिरोळकडच्या महालिंगला दिली आणि महालिंगची बहीण सुष्मिता निर्मलाच्या धाकट्या भावाला, मृत्युंजयला करून घेतली. मानपान नाही, देणंघेणं नाही, जेवणावळ एकच. दोघी एकमेकींच्या नणंदाही झाल्या आणि भावजयाही. कुणी कुणाला काय हाक मारायची ह्याच्यावर पहिली दिवाळी हसण्यात गेली. शेवटी सुष्मिता 'आक्का' म्हणायला लागली आणि तेच राहिलं. पुढं एका बाजूचा संसार फुलला आणि दुसऱ्या बाजूचा नासला. साटंलोटं जुळवणाऱ्यांनी असा कधी विचारच केलेला नसतो.

महालिंग उसाला पाणी पाजून पहाटे घरी आला होता आणि आतली कडी निघायला उशीर झाला, एवढंच कारण. त्यानं पायातलं पायताण काढलं. चांगलं जाड, करकर वाजणारं कोल्हापुरी पायताण. त्याची टाच निर्मलाच्या कानावर बसली. सुष्मिता तेव्हा बाळंतपणाला माहेरी, म्हणजे त्याच घरात होती. ओली बाळंतीण उठून आली आणि तिनं आपल्या पदराचा बोळा करून निर्मलाच्या कानाशी दाबून धरला. जयसिंगपूरच्या डॉक्टरकडंही तीच घेऊन गेली. सासूनं मात्र डॉक्टरला सांगायला शिकवलं होतं की न्हाणीत पाय घसरला.

त्याच्यानंतरही निर्मला दोन वर्षं नांदली. मग महालिंगनं तिला नेसत्या साडीनिशी बाहेर काढलं तेव्हा ती माहेरी आली. मृत्युंजय तापट गडी. त्यानं बहिणीला धरून पोलीस ठाण्यात नेलं आणि नवरा, सासू, सासरा तिघांवर केस घातली. आपण बायकोच्या आईबापावर केस घालतोय हे त्याच्या डोक्यात आलं नाही, किंवा आलं असेल तर त्याला वाटलं, बायको आपलीच आहे. थोड्याच दिवसांत सासऱ्यांची जीप दारात आली. आजीचा जीव घोटाळतोय म्हणून सुष्मिताला आणि तिच्या लहानग्या रक्षिताला घेऊन गेले. आजी टुणटुणीत होती. मागाहून सुष्मिताच्या सहीची उलटी केस आली. नवरा आणि सासरा मारतात, सासू उपाशी ठेवते, नणंद निर्मला फुंकणीचे चटके देते.

बापलेक कोठडीत गेले. तिथल्या शिपायानं नियमाप्रमाणं कमरेचा करदोडा काढायला लावला आणि विरूपाक्षाच्या गळ्यातलं लिंगही काढून टेबलावर ठेवायला लावलं. समज आल्यापासून ते त्याच्या अंगावरून कधी उतरलं नव्हतं.  जामिनावर सुटून आल्यावर जेवताना छातीवर हात ठेवून बघायची त्याला सवय लागली.

शिवगोंडा पाटलांनी ह्यातलं काही काढलं नाही. मिटवायला आलेला माणूस मागचं काढत नाही. त्यांनी चहा संपवला आणि अटी सांगितल्या. इकडची केस इकडच्यांनी मागं घ्यायची, तिकडची तिकडच्यांनी. सुष्मिता पोरगी घेऊन नांदायला येईल. निर्मला आणि महालिंग यांनी राजीखुशीनं सोडचिठ्ठी घ्यायची.

"फिट्टंफाट," ते म्हणाले. "कुणाचं कुणावर काय न्हाय."

विरूपाक्षाची बायको गंगव्वा उंबऱ्यावर बसली होती. तिनं विचारलं, मग आमच्या निर्मलाला काय मिळालं? पाटलांना हा प्रश्न नवीन होता. त्यांनी थोडा विचार केला आणि तिला मोकळीक मिळाली की, असं सांगितलं. मृत्युंजय तेजाबाच्या भांड्यापाशी उभा होता. सुष्मिता येईल हे ऐकल्यावर त्याचे कान पुढचं काही ऐकत नव्हते.

एक केस खरी होती आणि एक खोटी. पण लग्नात साटंलोटं केलेल्यांना केसमध्ये साटंलोटं करायला कसली अडचण येणार?

अडचण निघाली ती वेगळीच. सगळ्यांना वाटलं होतं की तालुक्याच्या कोर्टात जाऊन 'आमचं मिटलं' म्हणायचं आणि घरी यायचं. कोल्हापूरचे हंबीरराव वकील म्हणाले, तसं होत नाही. असली केस बाईनं मागं घेते म्हटलं तरी मागं जात नाही, ती सरकारची होऊन बसलेली असते. मुंबईला हायकोर्टात जायचं, दोघी बायकांनी उभं राहून आमची हरकत नाही असं सांगायचं, तेव्हा ती रद्द होते. वकील माणूस बरा होता. आवाज चढवत नव्हता आणि निर्मलाला ताई म्हणत होता. त्यांनी दोघींची प्रतिज्ञापत्रं करून ठेवली होती. सुष्मिता आदल्या दिवशी येऊन सही करून गेली होती.

वकिलांनी निर्मलाचा कागद वाचायला घेतला. ती खुर्ची सरकवून डावा कान पुढं करून बसली. वाचत वाचत ते एका ओळीवर आले, 'सदर तक्रार मी गैरसमजातून व रागाच्या भरात दिलेली होती,' आणि तिनं त्यांना थांबवलं.

"गैरसमज कुणाचा?"

वकील म्हणाले, ती लिहायची पद्धत आहे, सुष्मिताच्या कागदावरही हीच ओळ आहे.

"तिचा असंल गैरसमज. माझा कान फुटलाय."

"ताई, तुमचा कान फुटला नाही असं ह्यात कुठंही लिहिलेलं नाही."

"मग फुटला असं तरी लिवा."

वकिलांनी चष्मा काढला. तसं लिहिलं तर कोर्ट केस रद्द कशाला करेल, असं त्यांनी समजावलं आणि त्यांचंही चूक नव्हतं. विरूपाक्ष खालच्या आवाजात म्हणाला, एका शब्दानं काय जातंय पोरी. निर्मलानं त्याच्याकडं पाहिलं. सुष्मिताच्या कागदावर तो शब्द एका खोट्याला झाकत होता आणि तिच्या कागदावर एका खऱ्याला. वकिलाच्या टेबलावर दोन्ही कागद एकमेकांवर ठेवले होते आणि वरून सारखेच दिसत होते.

तिनं सही केली नाही. बापलेक जिना उतरून स्टँडवर आले. हुपरीच्या गाडीत विरूपाक्ष तिच्या उजव्या बाजूला बसला, तेव्हाच तिला कळलं की त्याला आता बोलायचं नाही.

श्रावण लागला. सणांचं काम सुरू झालं आणि व्यापाऱ्याचा माणूस रोज दारात यायला लागला. निर्मला दिवस उजाडल्यापासून ज्योतीपुढं बसायची. दुपारपर्यंत गाल दुखायला लागायचे, ओठ सुजायचे, कानातून पाणी यायचं. ती कापसाचा बोळा घालून पुन्हा फुंकणी उचलायची. एकदा कळ आली तसा हात हलला आणि अख्खा पैंजण वितळून गोळा झाला. गंगव्वानं तो गोळा उचलून तिच्या पुढ्यात टाकला.

"तुझं जळालंच. आता भावाचं बी जाळ," ती म्हणाली आणि शेण काढायला गेली.

आई वाईट नव्हती. निर्मला आली त्या दिवशी तिनंच कोमट तेल कानात सोडलं होतं आणि तळतळून महालिंगच्या सात पिढ्या काढल्या होत्या. पण मुलगा दिवसेंदिवस वाळत चाललेला बघणं तिच्यानं होईना. मृत्युंजय दाढी करत नव्हता. ताटावर बसायचा आणि भाकरीचा तुकडा मोडून ठेवून उठायचा. तेजाबात हात घालताना मोजे घालायचं विसरायचा. बोटांची सालं निघाली होती.

एक दिवस तो काही न सांगता सायकल घेऊन गेला आणि संध्याकाळी चिखलानं भरून परत आला. सासरच्या गावच्या बालवाडीपाशी जाऊन उभा राहिला होता. खिशातला बिस्किटांचा पुडा पावसानं भिजून लगदा झाला होता. गंगव्वा काय झालं विचारत होती. तो येऊन निर्मलाच्या डाव्या बाजूला बसला.

"आक्का, पोरगी मला बगून रडली. बाईच्या मागं जाऊन दडली."

सही कर म्हणून तो बोलला नाही. बोलला असता तर तिला भांडता आलं असतं.

त्याच महिन्यात जयसिंगपूरला केसची तारीख होती. दोन्ही घरं कोर्टाच्या आवारात दोन झाडांखाली उभी होती. मधल्या मोकळ्या जागेत शिवगोंडा पाटील ये-जा करत होते. महालिंग झाडाला टेकून शेंगा खात होता. निर्मला पाणी प्यायला मागच्या नळावर गेली, तेव्हा मागून सुष्मिता आली. ती आली ती बरोबर डाव्या बाजूला. वर्षानंतरही तिला कोणता कान धड हे आठवत होतं, एवढ्यानंच निर्मलाला भडभडून आलं.

तिनं रडू आवरलं आणि आधी राग बोलून घेतला. माझ्या हातनं फुंकणीचे चटके लिहून दिलेस, तुला जीभ कशी रेटली, असं विचारलं. सुष्मितानं मान खाली घातली. तिच्या बापानं पोलिसाला बोलावून घरीच कागद लिहवून घेतला होता. घरात काम काय चालतं, असं पोलिसानं विचारलं, तर ती म्हणाली, फुंकणीनं डाख लावतो. लिहिणाऱ्यानं फुंकणी तेवढी घेतली आणि बाकीचं आपल्या मनानं घातलं. मग बापानं तिचा हात धरून सही घेतली.

"तू बगितलंस की गं," निर्मला म्हणाली. "माझा कान धरून तूच बसलीस. त्यो गैरसमज हुता?"

"न्हवता." सुष्मितानं आजूबाजूला पाहिलं. "पन मी कुणापुढं सांगू आक्का? सांगितलं तर बाप घरात ठेवत न्हाय आन् तुमच्या घराला येऊ देत न्हाय. तू खरं बोललीस तर तुझं बरोबरच हाय. मग मी हितंच सडतो."

नळ तसाच वाहत होता. निर्मलानं तो बंद केला. सुष्मिताच्या हाताची नखं तिनं पाहिली. वर्षभर ज्योतीपुढं न बसल्यानं ती पांढरी स्वच्छ झाली होती.

"मी करतो सही," निर्मला म्हणाली.

मुंबईला जायला पाटलांनी दोन्ही घरांची एकाच एस.टी.त तिकिटं काढली. कुणी कुठं बसायचं तेही त्यांनीच ठरवलं. सुष्मिता बापाजवळ, मृत्युंजय मागं, महालिंग ड्रायव्हरच्या मागच्या बाकावर. बाकीच्या प्रवाशांना वाटलं, एकाच लग्नाचं वऱ्हाड आहे. कराड येईपर्यंत कुणी कुणाकडं पाहिलं नाही. पुढं रक्षिता आजोबाच्या मांडीवरून उतरली आणि मधल्या वाटेनं डुलत डुलत मागं आली. मृत्युंजयनं हात पुढं केला नाही, श्वास रोखून बसून राहिला. पोरीनं त्याच्या शर्टाचं बटण धरलं. ती भीतीनं परत जाईल म्हणून तो मुंबईपर्यंत त्याच अवघडल्या अंगानं बसला.

हायकोर्टाचा व्हरांडा उंच, दगडी आणि काळ्या कोटांनी भरलेला होता. सकाळपासून ते सगळे भिंतीला धरून उभे होते. विरूपाक्ष बसायला गेला, तर एका शिपायानं उठवलं. हंबीरराव वकिलांनी दोघींना बाजूला घेऊन पुन्हा पढवलं. साहेब विचारतील, ही सही तुमची का, होय म्हणायचं. कागद समजावून सांगितला का; होय म्हणायचं. साहेब जास्त विचारत नाहीत, तुम्हीही जास्त बोलायचं नाही. सुष्मिताला आत उभं केलं आणि तिचं पाच मिनिटांत झालं. तिला कुणाचा दबाव आहे का असं विचारलं तेव्हा तिनं चटकन नाही म्हटलं. निर्मला तेव्हा दाराबाहेर होती. तिला हा प्रश्न असतो हे ठाऊक नव्हतं आणि पढवताना वकील तो सांगायचे राहून गेले.

मग तिचं नाव पुकारलं. वकिलांनी तिला आपल्या डाव्या हाताला उभं केलं, त्यामुळं तिचा उजवा कान न्यायाधीशांच्या बाजूला आला. डोक्यावर पंखा घरघरत होता. न्यायाधीश पिकल्या केसांचे होते आणि मराठीत बोलत होते. पहिले दोन प्रश्न तिनं त्यांच्या ओठांवरून ओळखले आणि होय म्हणाली. तिसऱ्या वेळी त्यांनी मान खाली घालून कागद चाळता चाळता विचारलं. तिला आवाज आला, शब्द आले नाहीत.

"होय," निर्मला म्हणाली.

हंबीररावांचं पेन थांबलं. मागच्या बाकावर शिवगोंडा पाटलांनी डोळे मिटून घेतले. लिहून घेणाऱ्या बाईंनीही मान वर केली. न्यायाधीशांनी कागद खाली ठेवला. आता खोलीत इतकी शांतता होती की निर्मलाला त्यांचा शब्द न् शब्द ऐकू आला.

"कुणाचा दबाव आहे, ताई? घाबरू नका. इथं तुम्हाला कुणी काही करू शकत नाही. सांगा."

तेव्हा तिला कळलं आपण कशाला होय म्हणालो ते.  कान फुटल्यापासून इतक्या सरळपणे तिला कधी कुणी विचारलं नव्हतं. वकिलानं विचारलं नव्हतं, पाटलांनी नव्हतं, बापानंही नव्हतं. सांगावं असं तिच्या तोंडापर्यंत आलं. पायताण, कडी, पदराचा बोळा, सगळं. तिनं मागं पाहिलं. मृत्युंजयच्या खांद्यावर रक्षिता झोपली होती आणि तिच्या लाळेनं त्याचा शर्ट ओला झाला होता. सुष्मिता दाराच्या चौकटीला धरून उभी होती आणि तिच्या चेहऱ्यावर रक्त राहिलं नव्हतं.

"दबाव न्हाय साहेब," निर्मला म्हणाली. "मला ह्या कानानं ऐकू येत न्हाय. मी दुसरंच ऐकलं."

"कशामुळं ऐकू येत नाही?"

"लहानपणापासनं."

न्यायाधीशांनी खालचा कागद वर घेतला आणि थोडा वेळ वाचला. "तुमच्या तक्रारीत तर नवऱ्याच्या मारहाणीत कान गेला असं आहे."

"त्यो गैरसमज हुता साहेब."

हा शब्द कागदावर होता तोवर ती म्हणू शकत होती की तो वकिलाचा आहे. आता तो तिच्या तोंडून निघाला होता. न्यायाधीश तिच्याकडं बघत राहिले. त्यांना खरं काय ते कळलं असावं. रोज अशा बायका बघणाऱ्या माणसाला न कळून कसं चालेल? पण तिनं स्वतःच दार लावून घेतल्यावर ते तरी काय करणार? ते लिहून घेणाऱ्या बाईंकडं वळले आणि इंग्रजीत सांगायला लागले.

व्हरांड्यात आल्यावर पाटलांनी तिच्या पाठीवर थाप मारली आणि शाब्बास म्हणाले. बाहेरच्या गाड्यावर चहा झाला. महालिंगच्या बापानं विरूपाक्षाला चंची पुढं केली आणि विरूपाक्षानं सुपारी घेतली. महालिंगनं निर्मलाच्या समोर उभं राहून चहा प्यायला आणि रिकामा ग्लास सवयीनं तिच्या हातात दिला. तिनंही सवयीनं तो घेतला. मग दोघांच्याही लक्षात आलं आणि महालिंग हसला. तो हसला ह्याचं तिला जेवढं लागलं तेवढं कानाचंही लागलं नव्हतं.

सुष्मिता घरी आली. गंगव्वानं भाकरतुकडा ओवाळून टाकला, मृत्युंजयनं दाढी केली. आठवड्यात रक्षिता बापाच्या सायकलच्या दांडीवर बसून गावभर फिरायला लागली. निर्मलाला आनंद झाला, खरा आनंद झाला, आणि ती तसं म्हणालीही. सुष्मिता आपल्या जागेवर बसली, सांधे परत यायचे थांबले. निर्मला रिठ्याच्या पाण्यात पैंजण घासून उजळायच्या कामाला लागली. पुढच्या उन्हाळ्यात सोडचिठ्ठीचा निकाल लागला आणि तीही गोष्ट संपली.

मग गंगव्वानं सांगायला सुरुवात केली. नळावर कुणी विचारलं तर ती म्हणायची, आमच्या निर्मलाचा कान लहानपणीच गेला, गोवराच्या तापात. आधी ती इकडंतिकडं बघून म्हणायची. नंतर बघायची गरज उरली नाही. कोर्टात पोरीनं स्वतः सांगितलंय, मग आपण म्हटलं तर काय बिघडलं, असं तिनं विरूपाक्षाला ऐकवलं. काही महिन्यांनी तर गोवर किती जोराचा होता, कुठल्या वैद्याचा पाला लावला होता, हेही तिला आठवायला लागलं. निर्मला ते ऐकत पैंजण घासत राहायची.

शिवगोंडा पाटलांनी स्थळ आणलं. वारणानगरच्या कारखान्यात कामाला असलेला गुरुलिंग, बायको वारलेली, वसाहतीत खोली. बरोबर त्याची थोरली बहीण आली होती. त्यांना सांगितलं होतं की दोघांचं जमलं नाही म्हणून राजीखुशीनं मोकळं केलं. केस घातली होती हे सांगितलं नव्हतं. रद्द झाली म्हणजे झालीच नव्हती, असं पाटलांचं म्हणणं.

सोप्यात सतरंजी घातली. गुरुलिंग मान खाली घालून बोलणारा, साधा माणूस वाटला. त्याच्या बहिणीनं दोनदा उजव्या बाजूनं काही विचारलं आणि निर्मलानं वळून पाहिलं नाही, तेव्हा गंगव्वानं घाईनं गोवराची गोष्ट सुरू केली. गुरुलिंगनं ती ऐकून घेतली आणि मग सरळ निर्मलालाच विचारलं, फार त्रास होतो काय, किती वर्षांची होतीस. विचारताना त्याच्या आवाजात कणव होती. निर्मलानं त्याच्याकडं पाहिलं. तिला तो आवडला होता.

"गोवर न्हवता," ती म्हणाली. "पयल्या नवऱ्यानं पायतान मारलं. केस बी घातलेली."

बहिणीच्या हातातला पोह्यांचा चमचा बशीत वाजला. गंगव्वा म्हणाली, काहीतरीच बोलती पोरगी. पाटलांचा चेहरा लाल झाला.

"कोर्टात तूच लहानपणापासनं म्हणालीस की," ते म्हणाले.

"तवा सुष्मिताला घरी आणायची हुती. आता मी कुनाच्या तरी घरात जानार, तर त्येला खरं सांगायला नगं?"

चहा घेऊन सुष्मिता दारात थांबली होती. गुरुलिंगच्या बहिणीनं तिलाच विचारलं, काय गं, हे खरं काय? सुष्मितानं पाटलांकडं पाहिलं, नवऱ्याकडं पाहिलं आणि कपांचा ट्रे खाली ठेवला.

"व्हय," ती म्हणाली. "माझ्या भावानंच."

बहीण पिशवी घेऊन उठली. नवऱ्याला पोलिसात नेलेली बाई आमच्यात चालायची नाही, असं ती पाटलांना म्हणाली. निर्मलाशी बोलली नाही. गुरुलिंग क्षणभर बसून राहिला, मग त्यानंही चपला शोधल्या. पाटील त्यांच्या मागून गेले. सुष्मिताच्या बापाच्या कानावर हे जाणार, असं उंबऱ्यातून बजावून गेले. मृत्युंजय म्हणाला, जाऊ दे.

सतरंजीवर पोहे तसेच राहिले. विरूपाक्ष भिंतीला टेकून बसला होता. तो उठून निर्मलाच्या डाव्या बाजूला येऊन बसला आणि बरं केलंस म्हणाला. एवढंच बोलला, पण तेव्हा वकिलाकडं बोलायला हवं होतं ते आज बोलला. ते ऐकून गंगव्वा आतून तडक बाहेर आली.

"काय बरं केलं? आता कोन येतंय हिला? हितंच म्हातारी हुईल ती."

निर्मलानं पातेलं पुढं ओढलं आणि रिठ्याच्या पाण्यात हात घातले.

"हुईन की," ती म्हणाली.